स्नेहाचा डाग

संस्कृत भाषेनें तेलाला आणि प्रेमाला ‘स्नेह’ हें एकच नांव दिलें, त्यांत तिची रसिकता असेल. परंतु मोटारीच्या कापडी बैठकीवर पडलेला तेलाचा डाग ज्याला काढावा लागला आहे, त्याला त्यांत अनुभवाचें शहाणपणहि दिसल्यावांचून राहणार नाहीं. वैशेषिकांनीं मात्र स्नेह हा केवळ पाण्याचाच गुण मानला; तेलांत जो स्निग्धपणा दिसतो तोहि त्यांतील जलांशाचाच, असें त्यांचें म्हणणें. पदार्थांची एवढी सूक्ष्म चिकित्सा करणाऱ्या त्या पंडितांपैकीं एकानेंहि तेलकट पंचा स्वतः धुतला नसावा, असें मला नम्रपणें वाटतें.

प्रस्तुत लेखकावर हा प्रसंग गेल्या उन्हाळ्यांत ओढवला. एका स्नेह्यांची मोटार मागून घेऊन मी पुण्याहून वाईस निघालों. वाटेंत शिरवळास बटाटेवडे घेतले, पुडी मागच्या फिक्या रंगाच्या बैठकीवर ठेवली, आणि खंबाटकीचा घाट उतरेपर्यंत कागदांतून तेल झिरपून तेथें तळहाताएवढा डाग उमटला. मोटार परत पोंचती करण्यापूर्वीं तो नाहींसा करण्याचा मीं निश्चय केला.

नुसत्या पाण्यास हा डाग दाद देत नाहीं. पाण्याच्या कणांना एकमेकांची ओढ इतकी, कीं ते तेलाला आपल्यांत शिरूं देत नाहींत. साबणाचा कण दुतोंडी असतो. त्याचें एक टोंक पाण्यास धरतें, दुसरें तेलांत शिरतें, आणि अशा असंख्य कणांनीं वेढलेला तेलाचा थेंब पाण्याबरोबर सुटून येतो. (दुतोंडी माणसाला आपण नांवें ठेवतों, पण घरोघरचीं भांडीं त्याच्याच जातभाईच्या कृपेनें निघतात.) प्रथम मीं डागावर टाल्कम पावडर दाबून दोन तास ठेवली, तिनें वरवरचें तेल शोषून घेतलें. ती झटकून, भांडीं घासण्याचा पातळ साबण कोमट पाण्यांत कालवून, पिळलेल्या फडक्यानें कडेकडून मध्याकडे टिपत गेलों. येथें घासणें वर्ज्य. घासल्यानें डाग पसरतो आणि तेल खालच्या फोमांत उतरतें. पेट्रोलनें तेल चटकन् विरघळतें हें खरें, पण बंद मोटारींत त्याची वाफ कोंडणें हा शुद्ध अविचार. शेवटीं स्वच्छ ओल्या फडक्यानें साबण काढला, पंखा लावून बैठक वाळवली. डाग गेला. मोटार परत केली, आणि डागाविषयीं अवाक्षरहि काढलें नाहीं.

यांत मीं कांहीं लबाडी केली काय? ज्या हानीचा मागमूसहि उरला नाहीं, तिची वार्ता मालकास सांगण्याचें प्रयोजन कोणतें? धर्मशास्त्राचाहि मला आधार होता. ज्याचा दोष लोकांत प्रकट झालेला नाहीं, त्यानें प्रायश्चित्तहि गुप्तपणेंच करावें, असें याज्ञवल्क्यस्मृति सांगते. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायांत पापापासून सुटण्याचे उपाय सांगतांना ख्यापन, म्हणजे आपला दोष उघड बोलून दाखविणें, हें आरंभींच घातलें आहे. तिकडे मीं काणाडोळा केला. सोयीचें वचन सांपडेपर्यंत ग्रंथ चाळण्याची संवय पंडितांपुरती मर्यादित नाहीं.

तथापि एक प्रश्न पाठ सोडीना. डाग निघाला नसता तर मीं सांगितलें असतें काय? अर्थात् सांगितलें असतें. सांगावेंच लागलें असतें. म्हणजे सांगण्याचें काम मीं मुळीं डागावर सोंपवून मोकळा झालों होतों.

आणि डागानें तें केलें. आठ-दहा दिवसांनीं स्नेही बोलतां बोलतां म्हणाले, “ड्रायव्हरला गाडींत डबा खायला बंदी केली आहे. मागची बैठक पार तेलकट करून ठेवली.” फोमांत उरलेलें तेल, उन्हानें तापलेल्या मोटारींत, समईच्या वातींतून चढावें तसें धाग्याधाग्यांतून वर आलें होतें. मीं त्याच क्षणीं खरें सांगितलें, असें येथें लिहितां आलें असतें तर बरें झालें असतें. दोन दिवस गेले. त्या दोन दिवसांत, तो डाग कदाचित् दुसराच असेल, ड्रायव्हरच्या डब्याचेंहि तेल कधीं सांडलें असेलच, असे अनेक युक्तिवाद मला सुचले, आणि त्यांतला एकहि अगदींच टाकाऊ नव्हता, हें विशेष. गुप्त प्रायश्चित्ताची मुभा दोष गुप्त असेपर्यंतच. तो दुसऱ्याच्या नांवावर चढला कीं ती संपते, एवढें साधें कलम माझ्या स्मृतिवाचनांतून निसटलें होतें.

तिसऱ्या दिवशीं स्नेह्यांना सांगितलें. ते हंसले. “अहो, एवढ्याशा डागाचें काय घेऊन बसलांत!” बैठक त्यांची होती, तेव्हां तिच्यापुरती क्षमा करण्याचा अधिकारहि त्यांचाच होता. बोलणीं मात्र दुसऱ्यानें खाल्लीं होतीं. म्हणून खालीं जाऊन ड्रायव्हरला गांठलें, पुडीची सगळी हकीकत सांगितली आणि माफी मागितली. तो वयानें माझ्याहून वडील. त्यानें शांतपणें ऐकून घेतलें आणि म्हणाला, “मी दोनदां पुसला तो, साहेब. मला वाटलं, माझ्याच डब्याचा असेल.”

बंदी त्याच दिवशीं उठली. डबा तो अजूनहि बाहेर, कडुनिंबाखालींच खातो. आतां संवय झाली, म्हणतो.