जुन्या प्रेमाची आठवण

संपलेल्या प्रेमाची आठवण त्या काळाइतकीच आजच्या भावनेवरही उभी असते. आठवणे म्हणजे साठवलेले जसेच्या तसे बाहेर काढणे नव्हे, ती दर वेळी नव्याने केलेली मांडणी असते, हे ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ मध्येच दाखवले होते. कॅथी मॅकफार्लंड आणि मायकेल रॉस यांनी १९८७ च्या अभ्यासात प्रेमात असलेल्या तरुण-तरुणींकडून जोडीदाराविषयीचे मत लिहून घेतले आणि पुढे तेच मत आठवायला सांगितले. मधल्या काळात ज्यांचे मन उतरले होते, त्यांना आपले पहिले मतही होते त्याहून वाईट आठवले. जवळीक वाढली होती त्यांचे उलट झाले. यात लबाडी कोणाचीच नव्हती. ‘मला पहिल्यापासूनच ठाऊक होतं’ हे नाते तुटल्यावरचे वाक्य असेच मनापासून बोलले जाते, आणि बहुधा चुकीचे असते.

मराठीत याचे मोठे उदाहरण म्हणजे लक्ष्मीबाई टिळकांच्या आठवणींचे पुस्तक ‘स्मृतिचित्रे’. त्यांचे पती ना. वा. टिळकांनी १८९५ मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि पतिपत्नींची काही वर्षे ताटातूट झाली. लक्ष्मीबाईंचे पुस्तक १९३४ पासून प्रसिद्ध होऊ लागले, टिळकांच्या मृत्यूनंतर पंधरा वर्षांनी. त्या ताटातुटीचे दुःख वाचकापर्यंत येते ते पुढे सारे जुळले हे ठाऊक असलेल्या बाईच्या लेखणीतून. पुस्तक थोर आहेच. पण तेव्हाच्या लक्ष्मीबाईंच्या मनाचा तो एकमेव पुरावा ठरत नाही.

‘कुसुमानिल’ची जात वेगळी. कवी अनिल आणि कुसुमावती यांची लग्नापूर्वीची ही पत्रे कुसुमावतींच्या निधनानंतर, १९७२ मध्ये छापली गेली. पत्रातही माणूस समोरच्याला आवडेल असेच लिहितो, ही त्याची मर्यादा. मात्र लिहून झालेले वाक्य पुढच्या रागालोभाने बदलत नाही.

अशी पत्रे साध्या घरांतही असतात. भिलाई ज्या दुर्ग जिल्ह्यात आहे, तो जिल्हा ज्या राज्यात होता त्याची राजधानी १९५६ पर्यंत नागपूरच होती. त्यामुळे भिलाईतल्या मराठी घरांत विदर्भाशी झालेल्या पत्रव्यवहारातली आंतर्देशीय पत्रे अजून सापडू शकतात. खोडलेला शब्द, समासात दाटीने लिहिलेली ओळ आणि टपालाच्या शिक्क्यावरची तारीख यांतून जे कळते, ते पन्नास वर्षांनी सांगितलेल्या हकिगतीतून कळत नाही. एकेकाळच्या प्रेमातल्या दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत म्हणून एकाला खोटे ठरवण्याआधी ती पत्रे वाचावीत, आणि घर बदलताना रद्दीत जाऊ देऊ नयेत.