स्फोटानंतरचं शहर

सफाळे

चि. ओंकार,


‘अकिरा’ हा जपानी ॲनिमेशनपट पाहून फोनवर म्हणालास, “आजोबा, शेवट कळला नाही, पण भारी आहे.” न कळणं साहजिक आहे. कात्सुहिरो ओतोमोनं त्याची मूळ मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, १९८२ साली ‘यंग मॅगझिन’मध्ये सुरू केली आणि १९९० ला संपवली. सिनेमा १९८८ चा, दिग्दर्शकही तोच. गोष्ट चालू असतानाच गड्यानं पडद्यासाठी तिचा वेगळा शेवट लावला.

आता मांगा वाच. सहा खंड आहेत, दोन हजारांवर पानं. सिनेमात अकिरा म्हणजे जमिनीखाली काचेच्या बरण्यांत जपलेले नमुने; मांगात तो जिवंत, अबोल पोरगा आहे. शिवाय गोष्टीतलं शहर, निओ-टोकियो, बेचिराख होतं ते तिसऱ्या खंडाच्या शेवटी. पुढचे तीन खंड ढिगाऱ्यातल्या माणसांचे. अन्नासाठी कोण कुठल्या टोळीत शिरतं, कोण कुणाला आसरा देतं, सगळं त्यात आहे. सिनेमातली मियाको रस्त्यावर ओरडणारी बुवाबाज. मांगात तिच्याच देवळात बेघरांना जागा मिळते. माझ्या मते खरी भीती या तीन खंडांत आहे. स्फोट काय, कुणीही दाखवतो.

सिनेमाची बाजू घ्यायची तर संगीताची घेईन. गेइनो यामाशिरोगुमी या जपानी संगीतसमूहाच्या लोकांनी इंडोनेशियातल्या गॅमेलान वाद्यांचे ठोके आणि जपानी नोह नाट्यातलं गायन एकत्र केलंय. ते कागदावर कसं येणार? हॉलिवूडवाल्यांनी २००२ साली हक्क घेतले, त्यांचा चित्रपट काही निघाला नाही. बरंच झालं म्हणायचं.

जोडीला जयंत नारळीकरांची ‘वामन परत न आला’ ही विज्ञानकादंबरी घे. तिथंही पुरलेलं उकरून काढण्यातूनच संकट येतं.

आणि हे सगळं आपल्यापासून फार लांबचं नाही. निओ-टोकियो समुद्रात भराव घालून वसवलेलं आहे. आपल्या वाढवणलाही भराव घालूनच बंदर व्हायचंय. त्याची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ ला पालघरात झाली. आपल्याच भागातली तारापूरची अणुभट्टी तर १९६९ पासूनची. तिथल्या तिसऱ्या-चौथ्या अणुभट्टीसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठली. अणुभट्टी म्हटलं की तुम्हा पोरांना स्फोट सुचतो. मला मात्र घर सोडताना कुणी उंबरठा काढून नेला असेल का, हे विचारावंसं वाटतं.

तुझा हात चित्रात चांगला आहे. चौथा खंड झाला की दिवाळीच्या सुट्टीत ये. डहाणू लोकलनं बोईसरला जाऊ आणि तिथून त्या उठलेल्या गावकऱ्यांच्या नव्या वसाहतीत. वही तुझी, प्रश्न मी विचारीन.

तुझा,
आजोबा