दगड तोच, उजेड वेगळा

आपण डोळ्यांनी पाहतो आणि जे पाहिले तेच सत्य मानतो. परंतु जे दिसते त्यात वस्तूचा वाटा किती आणि तिच्यावर पडलेल्या उजेडाचा वाटा किती, हा प्रश्न आपण स्वतःला क्वचितच विचारतो. हा प्रश्न केवळ कलेचा नाही. तो न्यायाचा आहे, आणि म्हणून ईमानचाही आहे.

आमचे वाशिम प्राचीन काळी वत्सगुल्म या नावाने ओळखले जात असे. वाकाटकांच्या एका शाखेची ती राजधानी होती. याच शाखेतील राजा हरिषेण याचा मंत्री वराहदेव याने पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात अजिंठ्याचे सोळावे लेणे कोरविले, हे तेथील शिलालेखावरून कळते. पुढे हैदराबाद संस्थानच्या पुरातत्त्व खात्याने या लेण्यांची निगा राखली. त्या खात्याचे पहिले संचालक गुलाम यजदानी यांनी अजिंठ्याच्या चित्रांवरील आपला चार भागांचा ग्रंथ १९३० ते १९५५ या काळात प्रसिद्ध केला. मूर्ती हा आपल्या उपासनेचा विषय नाही. परंतु इतरांच्या श्रद्धेविषयी अपशब्द काढू नयेत अशी कुरआनची ताकीद आहे (६:१०८), आणि पृथ्वीवर प्रवास करून पाहण्याचा आदेशही त्याच ग्रंथात आहे (२९:२०). याच भावनेने आम्ही सहकुटुंब अजिंठ्याला गेलो.

पहिल्या लेण्याच्या गाभाऱ्यात अखंड खडकातून कोरलेली बुद्धांची भव्य प्रतिमा आहे. तेथील अंधारात मार्गदर्शकाने विजेरीचा झोत एका बाजूने टाकला, तेव्हा चेहरा गंभीर दिसला. झोत दुसऱ्या बाजूला नेताच ओठांवर स्मित उमटल्यासारखे वाटले. समोरून प्रकाश पडला तेव्हा तोच चेहरा ध्यानमग्न झाला. दीड हजार वर्षांत दगडाची रेघही हललेली नव्हती. हलला होता तो फक्त मार्गदर्शकाचा हात. माझ्या धाकट्या मुलीने विचारले, "अब्बा, मग खरा चेहरा कोणता?"

मला उत्तर देता आले नाही, कारण त्या क्षणी मला एक माणूस आठवला. काही वर्षांपूर्वी आमच्या मोहल्ल्यात मशिदीच्या वर्गणीचा हिशेब एक तरुण पाहत असे. त्याच्या वहीतील एका पानाचे छायाचित्र कोणीतरी मोबाइलवरून फिरविले. त्या पानावर जमा होती, खर्च नव्हता. मी कोणालाही काही बोललो नाही. परंतु त्याच्या सलामला उत्तर देताना माझी नजर दुसरीकडे वळू लागली. अनेकांनी तसेच केले. हळूहळू तो फजरच्या जमातीला येईनासा झाला. दोन महिन्यांनी वडीलधाऱ्यांनी वही मागवली, तेव्हा गवंड्याच्या मजुरीची सारी नोंद पुढच्याच पानावर पावतीसह आढळली. छायाचित्र खोटे नव्हते. ते एका बाजूने टाकलेल्या झोतासारखे होते.

एखादी बातमी आली तर आधी तिची शहानिशा करा, अन्यथा अजाणतेपणी कोणाला इजा पोहोचवाल आणि नंतर पस्तावाल, अशी शिकवण सूरह हुजुरातमध्ये आहे (४९:६). त्याच सूरहमध्ये पुष्कळशा संशयांपासून दूर राहण्यास सांगितले आहे (४९:१२). कान, डोळे आणि हृदय या प्रत्येकाविषयी जाब विचारला जाईल, असेही कुरआन बजावतो (१७:३६). म्हणजे पाहणे हेदेखील एक कर्म आहे. मी जिभेने गीबत केली नाही, एवढ्याने माझी सुटका होत नाही. मी कसे पाहिले, याचाही हिशेब आहे.

मात्र दोष नेहमी विजेरी धरणाऱ्याचाच असतो असे नाही. मुंबईत १९५४ साली जन्मलेले शिल्पकार अनिश कपूर यांचे 'क्लाउड गेट' हे शिल्प अमेरिकेत शिकागो शहरातील एका सार्वजनिक उद्यानात आहे. ते २००६ साली पूर्ण झाले. पोलादाच्या १६८ पत्र्यांचे सांधे घासून असे नाहीसे केले आहेत की, दहा मीटर उंचीचे हे शिल्प एकसंध आरसा भासते. आकाश, उंच इमारती आणि समोर उभा राहणारा माणूस त्यात उमटतात, पण त्याचा पृष्ठभाग वक्र असल्यामुळे सारेच वाकलेले दिसते. ते पाहून इमारती वाकल्या असे कोणी म्हणत नाही. आरसा वक्र आहे हे लहान मूलही ओळखते. आपल्या मनात जुना राग, भाऊबंदकी किंवा मत्सर असला की तोही असाच वक्र होतो. तेव्हा मात्र आपण समोरचा माणूसच वाकडा ठरवतो.

मग मार्ग कोणता? सूरह नम्लमध्ये सबाच्या राणीचा प्रसंग आहे (२७:४४). हजरत सुलैमान (अ.स.) यांच्या महालात शिरताना तिला समोर पाण्याचा डोह दिसला आणि तिने पायांवरील वस्त्र वर उचलले. ती काचेची फरशी आहे, असे तिला सांगण्यात आले. ती सत्ताधीश होती. आपल्या डोळ्यांची बाजू घेऊन वाद घालणे तिला अशक्य नव्हते. परंतु तिने स्वतःवर अन्याय केल्याची कबुली दिली आणि सर्व विश्वांच्या पालनकर्त्यापुढे ती नतमस्तक झाली. डोळ्यांची चूक कळल्यावर तिने मनही तपासले. तिचे मोठेपण मला येथेच दिसते.

अजिंठ्याहून परतल्यावर मी त्या तरुणाच्या घरी गेलो. वही निर्दोष ठरली तेव्हा मी "बरे झाले" एवढेच म्हणून मोकळा झालो होतो. क्षमा मागायची राहून गेली होती. ती त्या दिवशी मागितली. त्याने चहा दिला, पण बराच वेळ तो काही बोलला नाही. निघताना त्याने सलाम केला, तेव्हा मी त्याच्याकडे पाहूनच उत्तर दिले.

मुलीला उत्तर मी परतीच्या वाटेवर दिले होते. खरा चेहरा कोणता हे एका झोतात कळत नाही, बेटा. सगळ्या बाजूंनी पाहावे लागते, आणि तोवर निवाडा थांबवावा लागतो. माणसाला सर्व बाजूंनी एकाच वेळी पाहणारा अल्लाहच आहे. अखेरचा निवाडाही त्याच्याच हाती आहे.