मंडळाची नोंद आहे, मैदानाची?

पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी अस्तित्वात आला. त्याच्या सहाच दिवस आधी, २६ जुलैला, मुंबईत प्रो कबड्डीचा पहिला सामना रंगला होता. निव्वळ योगायोग. पण तेव्हापासून इथल्या गावांत या दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी वाढल्या आहेत. पोरे मॅटवरची कबड्डी बघत मोठी होतात आणि जिल्ह्याची ओळख प्रकल्पांनी सांगितली जाते: १९६९ पासून वीज देणारे तारापूरचे अणुकेंद्र, बोईसरची औद्योगिक वसाहत, आता बुलेट ट्रेन आणि वाढवण बंदर. गावोगावच्या क्रीडा मंडळांना या इतिहासात जागा नाही. याचे खापर आपल्या आळसावर फोडणे सोपे आहे. मला कारण वेगळे दिसते, आणि त्यासाठी जरा लांब, आयर्लंडपर्यंत जावे लागते.

१ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्ल्स या गावातल्या एका हॉटेलात मायकेल क्युसॅक आणि मूठभर मंडळींनी देशी खेळांची संघटना उभी केली. तिचा मानाचा खेळ हर्लिंग. अ‍ॅश झाडाच्या लाकडाची वाकडी काठी, कातडी चेंडू, दोन्हीकडे पंधरा-पंधरा गडी आणि डोळ्यांना पकडता न येणारा वेग. संघटनेने क्लब बांधला तो चर्चच्या हद्दीत येणाऱ्या गावाला. ज्या गावचे तुम्ही, त्या गावचा तुमचा क्लब. पैसा जास्त मिळतो म्हणून दुसरीकडून खेळायची सोय नाही, कारण पैसाच नाही. ऐंशी हजार प्रेक्षकांपुढे अंतिम सामना खेळलेला गडी आजही आपल्या पोटापाण्याच्या कामावर परत जातो. १९८४ मध्ये संघटनेची शताब्दी आली तेव्हा कितीतरी गावांच्या क्लबांनी आपापले इतिहास छापले.

त्यांना ते का जमले? निष्ठा, देशप्रेम वगैरे उत्तरे चुकीची नाहीत, पण अपुरी आहेत. माझ्या मते खरी गोष्ट जमिनीची आहे. डब्लिनचे क्रोक पार्क संघटनेने १९१३ मध्ये विकत घेतले. २१ नोव्हेंबर १९२० रोजी ब्रिटिश दलांनी त्याच मैदानात गोळीबार केला; चौदा माणसे गेली, त्यांत टिपररीचा खेळाडू मायकेल होगन होता. आज तिथल्या एका प्रेक्षागाराला त्याचे नाव आहे. जागा स्वतःची होती म्हणून आठवणीला बसायला ठिकाण मिळाले. गावातल्या क्लबांनीही हळूहळू तेच केले. आधी मैदान घेतले, मग पुस्तक लिहिले.

माणसाला गावासकट ओळखणे पालघरला परके नाही. १४ ऑगस्ट १९४२ च्या मोर्चात गोळीबाराला बळी पडलेल्या पाच हुतात्म्यांची आठवण निघाली की सातपाटी, मुरबे, नांदगाव, सालवड, पालघर ही गावेही ओघाने येतात. त्यांच्या आठवणीलाही हुतात्मा चौकाची जागा मिळाली आहे.

संघटना बांधण्यात तर आपण मुळीच मागे नव्हतो. खो-खोचे नियम पुण्यात १९१४ च्या सुमारास लिहायला घेतले गेले. हुतुतूचे नियम १९२३ मध्ये बडोद्याच्या हिंद विजय जिमखान्याने छापले. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने १९३६ मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी खेळांची प्रात्यक्षिके दाखवली. बुवा साळवींनी कबड्डीसाठी आयुष्य वेचले. त्यांचा जन्मदिवस, १५ जुलै, आपण कबड्डी दिन म्हणून पाळतो. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई स्पर्धांत सुवर्णपदकही आले. गावपातळीवर मंडळे स्थापन झाली, त्यांची धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी झाली. अध्यक्ष, चिटणीस, खजिनदार, शिक्का, पावतीपुस्तक, सगळे रीतसर.

मैदान मात्र कधी शाळेचे पटांगण, कधी गुरचरण, कधी भात कापल्यानंतरचे खाचर, किनाऱ्यावर असाल तर ओहोटीनंतरची पुळण. फक्की मारून रेषा आखायच्या, रात्री हॅलोजन लावायचे, सकाळी जागा ज्याची त्याला परत. यात एक मोकळेपणा होता, तो मी नाकारत नाही. कबड्डीला लागते तरी काय? तेरा मीटर बाय दहा मीटर. पण जी जागा कागदावर तुमची नाही, ती गेली तेव्हा तुमचे काही गेले असेही कागदावर दिसत नाही.

तारापूरच्या तिसऱ्या आणि चौथ्या अणुभट्टीसाठी पोफरण आणि अक्करपट्टी ही गावे उठली. अशा वेळी घर मोजतात, जमीन मोजतात, झाडेसुद्धा मोजतात. २०१३ च्या भूसंपादन कायद्याने बरेच सुधारले. त्याच्या तिसऱ्या अनुसूचीत नव्या वसाहतीत काय काय हवे याची यादी आहे: शंभर कुटुंबांमागे एक समाजमंदिर, पन्नास कुटुंबांमागे प्रार्थनास्थळ आणि झाडाखालचा पार, मुलांसाठी क्रीडांगण. पार ध्यानात ठेवणाऱ्या मसुदाकाराला माझा नमस्कार. तरीही क्रीडांगण आठवले ते मुलांपुरते. तीन पिढ्या एका नावाने खेळलेला संघ म्हणजे गावाची मालमत्ता, हे त्या यादीला ठाऊक नाही; आणि मंडळाकडे दाखवायला उतारा नाही.

यावर ठरलेले उत्तर येते की पोरे क्रिकेटकडे वळली, त्याला कोण काय करणार? उदाहरणही तयार असते. पालघरजवळच्या माहीमचा शार्दूल ठाकूर बोईसरच्या तारापूर विद्यामंदिरात शिकला, मग बोरिवलीच्या शाळेसाठी खेळायला प्रशिक्षक दिनेश लाड यांच्या घरी राहिला आणि भारताच्या संघापर्यंत पोहोचला. त्याचे कौतुक आहेच. पण गुणी मुलगा लोकलने बोरिवलीला जाऊ शकतो, मंडळ जाऊ शकत नाही. शिवाय क्रिकेटला कबड्डीहून कितीतरी जास्त जागा लागते. जागा आक्रसत गेली तर दोन्ही खेळांचे मरण एकच.

आयर्लंडचे सगळेच उचलावे असे नाही. तिथल्या संघटनेने १९७१ पर्यंत सभासदांना फुटबॉल, रग्बी, क्रिकेट असे 'परदेशी' खेळ वर्ज्य केले होते. आपल्याकडे असा लेखी नियम नाही. पण मंडळ एका आळीचे, आळी एका जातीची, आणि पाड्यावरचा वारली पोरगा चढाईला हवा पण कार्यकारिणीत नको, हे गावात राहणाऱ्याला सांगायला नको. अशा मंडळाला मैदान मिळाले तर ते आळीचेच कुंपण होईल.

म्हणून मैदानाची नोंद मंडळापेक्षा ग्रामपंचायतीच्या नावावर असावी, सातबाऱ्यावर क्रीडांगण म्हणून, आणि वापराचा हक्क ग्रामसभेने ठरवावा. जिल्ह्याच्या बऱ्याच भागाला पेसा, म्हणजे आदिवासी भागांतल्या ग्रामसभांना अधिकार देणारा कायदा, लागू आहे. तिथे भूसंपादनापूर्वी ग्रामसभेचा सल्ला घ्यावा लागतो; तेव्हा टेबलावर ठेवायला हा उतारा हवा. संघात कोण, याचा नियम आयर्लंडकडून घ्यायला हरकत नाही: जो इथे राहतो तो इथला. बोईसरमध्ये कारखान्यांमागच्या खोल्यांत उत्तर प्रदेश-बिहारच्या कामगारांची मुले वाढत आहेत. संध्याकाळी ती दोन शेडमधल्या गल्लीत चपला मांडून मध्यरेषा करतात. त्यांना अजून कुठल्याच मंडळाने विचारलेले नाही.