शत्रूच्या घरी सांगितलेली आठवण

लढाईतून परतलेल्या सैनिकाची आठवण बहुधा आपल्याच माणसांना सांगितली जाते. गावोगावच्या वीरगळांपासून पलटणींच्या इतिहासापर्यंत, आपला पराक्रम पुढच्या पिढीला कळावा हाच तिचा हेतू राहिला. ती पलीकडच्या माणसांना सांगावी आणि त्यातून वैर ओसरावे, ही कल्पना भारत-पाकिस्तानच्या बाबतीत १९७१ नंतर हळूहळू रुजली.

तिचे बीज रणांगणावरच सापडते. डिसेंबर १९७१ मध्ये बसंतरच्या लढाईत पाकिस्तानचे लेफ्टनंट कर्नल मोहम्मद अक्रम राजा आपल्या जवानांच्या पुढे राहून लढताना पडले. त्यांच्यासमोर लढलेल्या भारताच्या ३ ग्रेनेडियर्सचे लेफ्टनंट कर्नल वेदप्रकाश ऐरी यांनी त्यांच्या शौर्याची लेखी साक्ष दिली. पुढे पाकिस्तानने राजांना हिलाल-ए-जुरत हे शौर्यपदक दिले. ही साक्ष मात्र सैनिकाने सैनिकासाठी दिलेली होती.

अशी साक्ष घरापर्यंत पोहोचायला तीस वर्षे लागली. खडकवासला जलाशयाच्या काठी राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी आहे. तिथले संचलन मैदान सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल यांच्या नावाने ओळखले जाते. पुण्यात जन्मलेले आणि याच प्रबोधिनीत घडलेले पूना हॉर्सचे हे अधिकारी १६ डिसेंबर १९७१ रोजी बसंतरलाच, वयाच्या एकविसाव्या वर्षी, रणगाड्यात धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले.

२००१ मध्ये त्यांचे वडील ब्रिगेडियर एम. एल. खेत्रपाल आपले जन्मगाव सरगोधा पाहायला पाकिस्तानात गेले. लाहोरला ब्रिगेडियर ख्वाजा मोहम्मद नासेर यांनी त्यांचा पाहुणचार केला. निरोपाच्या आदल्या रात्री नासेर यांनी सांगितले, की अरुण यांच्यावरचा अखेरचा मारा त्यांनीच केला होता. अरुणच्या शौर्याबद्दलचा आदरही त्यांनी बोलून दाखवला. गप्प राहणे त्यांना सहज शक्य होते, आणि सांगून लाभ काहीच नव्हता. पण मुलगा शेवटच्या क्षणी कसा लढला, हे बापाला सांगू शकेल असा समोरून पाहिलेला साक्षीदार दुसरा कोण होता? या कल्पनेचे खरे बळ इथेच दिसते.

याच दशकात तिला सार्वजनिक रूपही मिळाले. १९७१ मध्ये आयएनएस बियासचे नेतृत्व केलेले वीरचक्रविजेते ॲडमिरल रामदास नौदलप्रमुखपदावरून निवृत्त झाल्यावर अलिबागजवळ स्थायिक झाले आणि दोन्ही देशांतील नागरिकांच्या शांतता चळवळीत उतरले. २००४ चा मॅगसेसे पुरस्कार त्यांना पाकिस्तानच्या आय. ए. रहमान यांच्यासोबत मिळाला. लढलेला माणूस युद्धाविरुद्ध बोलतो, तेव्हा त्याला भित्रा म्हणणे अवघड जाते.

२०११ मध्ये पाकिस्तानी वैमानिक कैस हुसेन यांनी एक पाऊल पुढे टाकले. १९ सप्टेंबर १९६५ रोजी त्यांनी पाडलेल्या विमानात गुजरातचे मुख्यमंत्री बळवंतराय मेहता होते आणि वैमानिक होते जहांगीर इंजिनिअर. हुसेन यांनी इंजिनिअर यांच्या कन्येचा शोध घेऊन तिला ईमेल लिहिला. दिलेला हुकूम पाळल्याचे सांगत त्यांनी शोक व्यक्त केला. गोळी झाडणाऱ्याबद्दल घरच्यांच्या मनात कधीही कटुता नव्हती, असे तिने उत्तरात कळवले.