मुलाचा ‘मी’

मीपणा सोडावा, हे आपण कीर्तनात नेहमी ऐकतो. पण दोन वर्षांचं नातवंड खेळणं छातीशी धरून ‘माझंय!’ म्हणून ओरडतं, तेव्हा प्रश्न पडतो : हा मीपणाही मोडून काढायचा का?

मला तसे वाटत नाही. तान्ह्या बाळाला आपण वेगळे आहोत हे कळत नसते. नकळत नाकाला कुंकू लावून आरशापुढे धरा. वर्षाचे मूल आरशातल्या बाळाशी खेळत बसते. दीड-दोन वर्षांचे झाले, की स्वतःच्या नाकाला हात लावते. त्याच सुमारास ‘बाळाला दे’ जाऊन ‘मला दे’ येते, आणि ‘नाही’सुद्धा! आपण त्याला हट्ट म्हणतो. खरे तर ते उमलत असते.

अवधूताच्या चोवीस गुरूंत बालक आहे. मान-अपमान त्याला शिवत नाही, हे अवधूताने त्याच्याकडून घेतले. मग पुढे तो शिववतो कोण? आपणच. ‘हा मठ्ठच आहे’, ‘दादासारखं हिला जमत नाही हो’, असे पाहुण्यांसमोर सहज बोलून जातो. मूल खाली मान घालून खेळते, पण कान इकडेच. चोवीस गुरूंत कुंभारमाशीही आहे. तिने कोंडलेली अळी तिचेच चिंतन करीत तिच्यासारखी होते, असा तो दाखला. मूलही रोज जे ऐकते, तसेच स्वतःला समजू लागते.

श्रीगुरुचरित्रात कारंज्याचा बाळ नरहरी ओंकाराखेरीज काही बोलेना. आईवडील काळजीत, लोक मुका म्हणत. मुंजीत त्याच्याच मुखातून वेद निघाले. ते अवतारी, आपली नातवंडे साधी. तरी एवढे घ्यावे : मुलाची ओळख लोकांच्या घाईने ठरवू नये.

मीपणा सोडायचा तर आधी तो धड उभा राहायला हवा. आपण कोणीतरी आहोत, असे ज्याला कधी वाटलेच नाही, तो गुरुचरणी वाहणार काय? भेदरलेले मूल वाकते. त्याला शरणागती म्हणत नाहीत.

दत्त म्हणजे दिलेला. मूलही आपल्याला दिलेले आहे, सांभाळायला. ते आपल्या मालकीचे नाही. यंदा जयंतीला पाळणा हलवून घरी गेलात, की नातवंडाला त्याच्या नावाने हाक मारा, जवळ बसवा आणि त्याचं बोलणं पुरतं ऐकून घ्या.

॥ श्री गुरुदेव दत्त ॥