निंदा आणि कोठडी

धम्मबांधवांनो, रत्नागिरीच्या विहारांतून आपण सिंहलद्वीपाचे नाव आदराने घेतो. १९५० साली बाबासाहेब कोलंबोच्या बौद्ध परिषदेस गेले होते. त्याच देशात मे २०२३ मध्ये विनोदी कलावंत नताशा एदिरिसूरिया यांना अटक झाली. सिद्धार्थाच्या बालपणावर केलेली त्यांची सिंहली थट्टा यूट्यूबवर पसरली, एवढाच आरोप! जामीन जुलैत मिळाला. कायदा २००७ चा, धार्मिक द्वेष चेतविणाऱ्यांविरुद्धचा. मार्च २०१८ मध्ये कँडीकडे मुसलमानांची घरे-दुकाने जळाली, सिंहली चित्रफितींनी विष पसरविले. त्या कायद्याचे काम खरे तेथे. थट्टा आपणांसही बोचली असती, हे मी नाकारीत नाही. परंतु ब्रह्मजालसुत्तात तथागत भिक्खूंना सांगतात, माझी, धम्माची वा संघाची कोणी निंदा केली तरी रागावू नका. खोटे असेल ते खोटे म्हणून दाखवा. उद्या कोकणातल्याच एखाद्या पोराने अशी चित्रफीत काढली, तर आपण पोलीस ठाणे गाठणार, की त्याला विहारात बोलावणार?